आधीचा श्वास

४ मार्च

मिठू,

तुझ्या ऑफिसातून आलेलं पाकीट मिळालं. पत्ता टाइप केलेला, आत तुझ्या हातची एक ओळ नाही. एकोणीस वर्षांनी आठवण काढलीस ती ना-हरकत पत्रासाठी. सही कुठे करायची तिथे पेन्सिलीने फुलीसुद्धा मारून पाठवलीय, म्हणजे मी नको तिथे करायला नको. सोबत तुझ्या आयुष्यावरच्या सिनेमाचं स्क्रिप्ट. एकशे बारा पानं, बाजूला तारेचं स्प्रिंग. चार वेळा उघडलं की पानं सुटणार. एवढं नाव कमावलंस, एक धड शिलाई करून घेता आली नाही?

मी अकराव्या पानावर मेले.

नऊ वर्षांची असताना, तापाने. तू उशाशी बसलायस आणि मी तुझा हात धरून म्हणते, ‘तू गात राहा.’ नऊ वर्षांची असताना मी तुला काय म्हणायचे ते तुला पक्कं माहीत आहे. ‘माझ्या पेन्सिलीला हात लावलास तर बघ.’ तुझं गाणं वगैरे माझ्या गावीही नव्हतं. पण बाराव्या पानावर तू माझ्या दुःखाने गायला लागतोस, विसाव्या पानावर गिटार येते, चाळिसाव्यावर मोठमोठी स्टेडियम्स, सत्तराव्यावर तू गाणं सोडून नट होतोस. मी कुठेच नाही. मेलेल्या माणसाचा तो एक फायदा असतो, मध्ये मध्ये येत नाही.

आईला वाचून दाखवलेलं नाही. तिचे डोळे आता जवळजवळ गेलेत. कानांनी मात्र सगळं टिपते. बाइंडिंगच्या कारखान्यावरच्या दोन खोल्यांत आम्ही राहतो. मी खाली छापील पानांचे फर्मे शिवते, खळ लावते, वर येऊन तिला जेवायला वाढते. टीव्हीवर तू आलास की ती नुसत्या खोकण्यावरून ओळखते.

माझी एकच अट आहे. मला मोठी करू नकोस. नाव नको, दोन वाक्यंही नकोत. तू गातोस तेव्हा मागे एक बाई उभी असते एवढं दाखव, आणि ती जिवंत असू दे. लगेच सही करते.

तुझी
कै. ताई


१९ मार्च

मिठू,

मालकांच्या टेबलावरच्या फोनवर तू आलास आणि माझे दोन्ही हात खळीने बरबटलेले. रिसीव्हर खांद्याने धरून काय बोलणार? शिवाय मालक समोर बसून पावत्या चाळल्यासारखं करत होते आणि कान इकडे होते. म्हणून तू म्हणालास त्याला मी नुसतं हं हं केलं.

तू म्हणालास, ‘ताई, तसं मनात काही नाही गं. दिग्दर्शक म्हणतो, लोकांना कारण लागतं.’

मी म्हटलं, ‘कसलं कारण?’

‘मी का गातो याचं.’

खरं कारण त्याला सांगितलंयस का? नसेलच. मग मीच तुला पुन्हा सांगते. विसरला असशील तर आठवेल, आठवत असेल तर जरा लाज वाटेल.

तू पाच वर्षांचा होईपर्यंत बोलत नव्हतास, म्हणून बाबांनी चेष्टेत मिठू नाव ठेवलं. बोलायला लागलास तो अडखळत. पहिलं अक्षर दातांत अडकायचं. पाणी मागायला उभा राहायचास आणि ‘पा’वरच तहान मरायची. आई मागच्या बाजूला कपडे धुताना तिच्या आईची गाणी म्हणायची. आपण दोघं पायरीवर खांद्याला खांदा लावून बसायचो. एक दिवस मी तिच्यामागून म्हणायला श्वास घेतला आणि तू माझ्याबरोबर सुरू झालास. अडखळला नाहीस. पूर्ण गाणं म्हटलंस, आणि आईच्या हातातला कपडा तसाच पाण्यात गेला. आम्ही पुन्हा पुन्हा करून पाहिलं. मी श्वास घेतला की तुझं दार उघडायचं. नाही घेतला तर तू तोंड उघडून बसलेला. एकदा सुरू झालास की कुणाच्या बापाला आवरायचा नाहीस, पण सुरुवात माझ्याकडे होती. मग मी मुद्दाम आवाज करून श्वास घ्यायला लागले. ती सवय आयुष्यभर पुरली.

पुढचं सगळ्या जगाला माहीत आहे. आईच्या गाण्यांना तू गिटार लावलीस, मागे ड्रम घेतलेस आणि लोक वेडे झाले. जगाला हे माहीत नाही की रेकॉर्ड कंपनीवाल्याने पहिल्याच दिवशी मला बाजूला घेऊन सांगितलं, ‘बाई, गाणाऱ्याचा एकच चेहरा हवा.’ मी म्हटलं, माझा चेहरा ठेवा घरी. काळे कपडे घालून अकरा वर्षं तुझ्या मागे दोन हातांच्या अंतरावर उभी राहिले. रेकॉर्डिंगला एकाच माइकसमोर दोघं. आपल्या प्रत्येक गाण्याच्या आधी तो श्वास ऐकू येतो. लोकांनी त्यावर लेख लिहिले. छातीच्या तळातून येणारा, मातीचा, काय काय. तरुण गायक नक्कल करायला लागले. मला खूप हसू यायचं, आणि खरं सांगू, फार अभिमानही वाटायचा.

मग तो मोठा दौरा. सकाळी आठला गाडी यायची होती. मी बॅग घेऊन जिन्यात बसले. दहा वाजले. आई म्हणाली, दोन घास खाऊन घे. अकराला ड्रमवाल्याच्या बायकोचा फोन आला. तिने अगदी सहज विचारलं, ‘तुम्ही नाही गेलात? ते तर कालच निघाले.’ कंपनीला तू एकटा हवा होतास, मान्य. पण ते मला तुझ्या तोंडून कळायला हवं होतं. जिन्यात बसून नाही. मी बॅग उघडून काळे कपडे परत कपाटात ठेवले, इस्त्री मोडू नये म्हणून हलक्या हाताने. तो मूर्खपणा मला अजून आठवतो.

तीन कार्यक्रम तू कसे केलेस ते पेपरात वाचलं. गळा बसला असं छापून आलं होतं. चौथा झालाच नाही. वर्षभराने तू सिनेमात दिसलास आणि लोक म्हणाले, केवढी हिंमत, शिखरावर असताना गाणं सोडलं.

मी तुझे सगळे सिनेमे पाहिलेत. हे सांगायचं नव्हतं, निसटलं. लोक म्हणतात, हा नट समोरच्याचं ऐकतो. ऐकतोस कसला? वाट बघतोस. समोरचा श्वास घेतो, त्यावर तू सुरू होतोस. पंधरा-सोळा सिनेमे झाले, एकटा उभा राहून पहिलं वाक्य तू बोललास असा एकही प्रसंग नाही. मी मोजलंय.

तर कारण हे आहे. मी गेले म्हणून तू गायला लागला नाहीस. मी होते म्हणून गायलास.

ताई (सध्या जिवंत)


१२ एप्रिल

मिठू,

तुझ्या सिनेमाची ध्वनीवाली बाई काल येऊन गेली. भली बाई आहे. कारखान्यात बसायला जागा नाही म्हणून कागदाच्या गठ्ठ्यावर बसली, आणि मला म्हणाली, ‘मी जुन्या टेप्स साफ करतेय. सगळे म्हणतात हा श्वास त्यांचा. पण हा बाईचा आहे. छाती लहान आहे. तुमचा का?’

तिने माझ्या कानांवर हेडफोन चढवले. कारखान्यात कटिंग मशीन चालू होतं, त्याचे ठोके एकदम बंद झाले आणि माझा श्वास आला. बावीस वर्षांच्या मुलीचा. मिठू, त्या मुलीला केवढी खात्री होती.

बाई म्हणाली, तिला तो पुसायला सांगितलंय. गाणं मेलेल्या बहिणीच्या आठवणीने एकटा माणूस गातो, तिथे बाईचा श्वास कसा चालेल? विचारल्याशिवाय पुसायचं तिच्या मनाला पटलं नाही म्हणून आली. मी विचारलं, ‘पुसल्यावर तिथे काय उरतं?’ म्हणाली, ‘एक ठोका रिकामा.’

मग तिने तुझी चिठ्ठी दिली. तुझं अक्षर अजून उजवीकडे पडतं. ‘ताई, स्क्रिप्ट बदलून घेतलंय, बघ. श्वास पुसू देत नाही. शेवटचा प्रसंग खऱ्या लोकांसमोर, खरं गाऊन करायचाय. दिग्दर्शक ऐकत नाही आणि मला एकट्याला ते होणार नाही. एकदाच ये. पडद्याआड उभी राहा.’

‘मला होणार नाही’ हे चार लोकांत तू कधी म्हटलं नसतंस. मला म्हटलंस. मी वितळले, दुसरं काय.

नवं स्क्रिप्ट तिथेच उघडलं. अकरावं पान काढलं. मी जिवंत. वेणी घालतेय आणि तुला म्हणते, ‘माझ्या पेन्सिलीला हात लावलास तर बघ.’ माझ्या पत्रातलं वाक्य तू घातलंस. मला हसू आलं आणि डोळे भरले, दोन्ही त्या बाईसमोर. सही करून दिली. कागदाच्या कोपऱ्यावर खळीचा अंगठा उमटलाय, त्याला हरकत नसावी.

आता माझ्याकडचं एक सांगते, कारण तू अर्धं पाऊल पुढे टाकलंस. तिसऱ्या कार्यक्रमानंतर तू तीनदा फोन केला होतास. तिन्ही वेळा आईने सांगितलं, ताईला ताप आहे, उठवत नाही. मला ताप नव्हता. मी तिच्या शेजारी उभी होते, हातात ताट होतं, आणि जेवत होते. आई म्हणाली, ‘अगं, रडतोय तो.’ मी म्हटलं, ‘सांग एकशे तीन आहे.’ तुझं गाणं तिथे संपलं, हे मला तेव्हाच कळलं होतं. मी जेवण पुरं केलं.

म्हणून तू मला सिनेमात तापानेच मारलंस का? स्क्रिप्ट पहिल्यांदा वाचलं तेव्हाच हा विचार आला होता, पण पत्रात लिहायचं धाडस झालं नाही. तुला माहीत होतं, असंच दिसतंय. असू दे. आता बदललंस ना. मी येते.

तुझी ताई


३ मे

मिठू,

परवा जे झालं त्याबद्दल तू फोन केला नाहीस. मीही केला नसता. पण तुला वाटत असेल की माझा घसा अडकला, किंवा म्हातारपणामुळे वेळ चुकली, तर तसं नाही. मी ठरवून केलं.

मी एक तास आधी पोचले होते. काळे कपडे घातले होते. जुने आता होत नाहीत, नवे शिवून घेतले. रंगमंचाच्या मागे तुझ्या लहानपणचं घर उभं केलं होतं. छान केलंय, पायरीसुद्धा. मी कौतुकाने हात फिरवत आत गेले आणि भिंतीवर मी होते. चौकटीत. अकरा वर्षांची, दोन वेण्या, आईच्या पेटीतला खरा फोटो. खाली दोन सालं, मध्ये रेघ.

सामान लावणारी एक बाई होती. मी विचारलं, ‘ही कोण?’

‘बहीण. एकोणतिसाव्या पानावर जाते बिचारी.’

मी अठरा वर्षं पुस्तकं बांधतेय, मिठू. बाइंडर मजकूर वाचत नाही. पानांचे आकडे बघतो. सोळा पानांचा फर्मा, त्यावर पुढचा सोळाचा, क्रम बरोबर असला की शिवून मोकळा. अकरावं पान दुरुस्त झालं एवढंच मी पाहिलं आणि सही ठोकली. तू मला मारणं रद्द केलं नव्हतंस, पुढे ढकललं होतंस. नऊची अकरा केलीस. दोन वर्षं जास्त दिलीस, उपकार झाले. आणि तुला माहीत होतं की मी अकरावंच पान बघेन. मी इतकी वर्षं काय काम करते ते तुला पहिल्या पत्रात मीच लिहिलं होतं.

घरी येऊन आईला विचारलं, फोटो कुणी दिला. म्हणाली, ‘त्याने माणूस पाठवला, मी दिला. फोटोच तर आहे.’ म्हणजे ती तुझ्याशी बोलत होती, मला न सांगता. माझ्या घरात बसून.

तू आलास तेव्हा मी पडद्याआड उभी होते. तू कानाची पाळी ओढलीस, आपली जुनी खूण. मीही ओढली. कारण तोवर माझं ठरलं नव्हतं, ही मी शपथ घेऊन सांगते. मग दिवे लागले. सहाशे माणसं गप्प झाली. ड्रमवर चार ठोके पडले आणि पाचव्याच्या आधी मी तोंड मिटून घेतलं.

तुझे ओठ पहिल्या अक्षरावर आले आणि तिथेच राहिले. अगदी ‘पा’सारखे. तू माझ्याकडे पाहिलंस. मी तुझ्या बुटांकडे बघत होते. ड्रमवाल्याने पुन्हा चार ठोके दिले, मग तोही थांबला. सहाशे लोकांत कुणी खोकलं नाही. तेवढ्या वेळात माझा एक फर्मा शिवून झाला असता. मला तुला पडलेलं बघायचं होतं. हे खोटं नाही. सगळ्यांसमोर तू अडकावंस आणि कुणीतरी विचारावं, काय झालं, आणि तुला सांगावं लागावं.

तू गिटार उतरवलीस. खाली ठेवलीस, झोपलेल्या लेकराला ठेवतात तशी. आणि दुसऱ्या बाजूने निघून गेलास.

कुणी विचारलं नाही. दिग्दर्शक क्षणभर दगडासारखा उभा होता आणि मग टाळ्या वाजवायला लागला. सहाशेच्या सहाशे माणसं उठून उभी राहिली. लोक रडत होते. दिग्दर्शक धावत तुझ्या मागे गेला, ‘हे लिहून सुचलं नसतं,’ असं ओरडत. ध्वनीवाली बाई एकटी माझ्याकडे बघत होती. तिने हेडफोन काढून गळ्यात ठेवले होते.

मी मागच्या दाराने निघाले आणि बस पकडून घरी आले. बसमध्ये लोक बघत होते, एवढे काळे कपडे घालून ही बाई कुठून आली.

कै. ताई. या वेळी चेष्टा नाही.


११ फेब्रुवारी

मिठू,

बक्षिसाबद्दल अभिनंदन. मालकांनी पेपर आणून दाखवला. त्या न गायलेल्या गाण्यासाठी मिळालं म्हणे. सबंध आयुष्यात तू इतकं छान काही केलं नव्हतंस असं सगळ्यांचं म्हणणं आहे, आणि मी ते केलं.

तुझी मुलाखतही पाहिली. बाईने विचारलं, त्या क्षणी मनात काय होतं? तिने प्रश्न विचारायला श्वास घेतला आणि तुझं सुरू झालं. ‘गेलेल्या बहिणीची आठवण आली. लहानपणी तिच्या श्वासावर मी सुरू व्हायचो. त्या दिवशी तो ऐकू येईना.’ मुलाखत घेणाऱ्या बाईने डोळे पुसले. मिठू, एवढ्या वर्षांत तू जगासमोर पहिल्यांदा खरं बोललास, आणि बोललास कसं, तर मला पुरून. आता ते खरं माझ्याही कामाचं नाही. मी उद्या सांगायला उभी राहिले तर लोक म्हणतील, मेलेल्या पोरीची जागा घ्यायला आलीय.

कारखान्यात गंमतच झालीय. सगळे माझ्याजवळ येऊन हळहळतात. मालक म्हणाले, ‘तुम्हांला आणखी एक बहीण होती हे कधी बोलला नाहीत.’ मी म्हटलं, ‘आमचं फारसं जमायचं नाही.’

काल दुपारी सिनेमा टीव्हीवर लागला. मी लावणार नव्हते, आईने हट्ट धरला. खुर्ची अगदी पडद्याला टेकवून बसली. दिसत काही नाही, पण तोंड तिकडे. मी शेजारी, तिचं लुगडं दुमडत. सिनेमात आपली जुनी गाणी आहेत, साफ केलेली. श्वास पुसलाय. पुसू देणार नाही असं तूच लिहिलं होतंस, चिठ्ठी माझ्याजवळ आहे. दुसऱ्या गाण्याला आई म्हणाली, ‘टीव्ही बिघडलाय का गं? गाण्याची सुरुवात गिळतोय.’ मी म्हटलं, असेल. तिसऱ्या गाण्याला पुन्हा म्हणाली. मी लुगड्याच्या घड्या मोडून परत घातल्या.

मग मी मेले. उशाशी बसून तू रडलास, चांगला रडलास, आणि ती नुसती पडद्याकडे तोंड करून ऐकत होती. तिला कळलं का, मला माहीत नाही.

मग शेवटचा प्रसंग आला. चार ठोके पडले. गप्प झालं सगळं. सहाशे माणसं तिथे आणि आम्ही दोघी इथे. खाली कारखान्यालाही सुट्टी होती, इतकं शांत की आईच्या बांगड्या वाजल्या तेव्हा मी दचकले. तिने हात लांब करून चाचपडत माझा गुडघा शोधला आणि थोपटला.

म्हणाली, ‘श्वास घे की गं. कधीचा ताटकळलाय तो.’

म्हणजे तिला तेव्हापासून सगळं ठाऊक होतं. पायरीवर, जिन्यात, ताटासकट फोनशेजारी उभी होते तेव्हा. कोण कुणाच्या श्वासावर गातं हे तिने एकदाही मोठ्याने म्हटलं नव्हतं, मी वाट बघून बघून थकले होते. आणि म्हटलं ते हे असं, तुझी काळजी करत.

मला ओरडावंसं वाटलं. पण माझं शरीर माझ्याआधी हललं, मिठू. सवय वाईट. मी घेतला. मोठ्याने, छातीच्या तळापासून, जसा तुला लागायचा तसा. आणि पडद्यावर तू खाली वाकलास आणि गिटार ठेवून दिलीस.

आईने माझ्या गुडघ्यावरचा हात काढून घेतला.

‘उशीर केलास,’ म्हणाली.

मी टीव्ही बंद केला.

ताई